'छायागीत' आणि शेजारधर्म

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

कालच्या पुरवणीतील, मुंबई दूरदर्शनवर गुरुवारी लागणाऱ्या 'छायागीत' या चित्रपटगीतांच्या कार्यक्रमावरील लेख वाचला. 'एक संच, अख्खी चाळ आणि निर्व्याज प्रेम' हे त्याचे पालुपद वाचून लेखकमहाशय संचाच्या मालकांपैकी असावेत, अशी दाट शंका आली. आम्ही उंबऱ्याबाहेरचे प्रेक्षक होतो.

माझी अविवाहित आत्या गुरुवारी स्वयंपाक लवकर उरकून शेजाऱ्यांच्या चौकटीला टेकून उभी राहत असे. ती एका ठरावीक गाण्याची वाट पाहते, हे आम्हा मुलांनाही ठाऊक होते. तो चित्रपट तिने कोणाबरोबर पाहिला होता, हा विषय मात्र घरात निघत नसे. कोणती गाणी लागणार याचा पत्ता नसे आणि हुकलेले गाणे पुन्हा कधी दिसेल याची शाश्वती नसे, त्यामुळे तिचा एकही गुरुवार चुकत नसे. अखेर एकदा ते गाणे लागले. पहिले कडवे संपते न संपते तोच यजमान ''पुरे झाली रडगाणी, पाने घ्या,'' म्हणत उठले, त्यांनी बटण फिरवले, संचाचे लाकडी शटर ओढले आणि वर कुलूपही घातले. आत्या ''येते हं वहिनी,'' म्हणाली, ती पुन्हा त्या घरी गेली नाही. लेखकांना अभिप्रेत असलेले निर्व्याज प्रेम ते हेच असावे.

त्या कार्यक्रमात विरहगीतेही असत, आणि घरातील मोठी माणसे हातातले काम टाकून येत ती पुष्कळदा त्यांच्यासाठीच. लेखात झाडांभोवतीच्या प्रेमगीतांना चार परिच्छेद आहेत, विरहाला अर्धी ओळही नाही.

लेखासोबत 'मुंबई दूरदर्शन, १९७५' अशी ओळ असलेल्या छायाचित्रात पडद्यावर चक्क रंगीत दृश्य दिसते! मुंबई केंद्र १९७२ मध्ये सुरू झाले, दूरदर्शनवर रंग आले १९८२ मध्ये. तबस्सुम यांचा 'फूल खिले हैं गुलशन गुलशन' हा तर मुलाखतींचा कार्यक्रम. त्यांना 'छायागीत'च्या सूत्रसंचालिका करून टाकण्याचे औदार्य आपल्या पुरवणीनेच दाखवावे. दुरुस्ती छापणार असाल, तर ती कृपया पुरवणीतच आणि तेवढ्याच ठळक टायपात छापावी, ही नम्र विनंती.

आपली,
एक नियमित वाचक, मुंबई