मान फिरवू नकोस

सई बाळा,

काल फोनवर तू रडत होतीस की ड्रेसिंग करताना त्या भाजलेल्या पेशंटच्या चेहऱ्याकडे बघवलं नाही आणि तू मान फिरवलीस. अगं माझ्याही पहिल्या बर्न्स ड्युटीला तेच झालेलं. एकाला चहा पाजत होते, नजर खिडकीकडे, चहा त्याच्या गळ्यावर सांडला, तो हळूच म्हणाला, सिस्टर इकडे बघा ना. अजून आठवतं.

तुला मॅकिंडो माहितीय का? आर्चिबाल्ड मॅकिंडो, न्यूझीलंडचा सर्जन, दुसऱ्या महायुद्धात लंडनजवळ ईस्ट ग्रिन्स्टेडच्या हॉस्पिटलात होता. हरिकेन नावाच्या लढाऊ विमानात पेट्रोलची टाकी पायलटच्या अगदी पुढ्यात, आग लागली की काही सेकंदात हात आणि तोंड भाजायचं, विशी-बाविशीतली पोरं गं. तेव्हा जखमेवर टॅनिक ॲसिड लावायचे, त्याची कडक खपली धरायची आणि बोटं आखडून जायची. याच्या लक्षात आलं की समुद्रात पडलेल्या पोरांच्या जखमा जास्त चांगल्या भरतायत, मग त्याने टॅनिक बंद करून मीठपाण्याची अंघोळ सुरू केली. आधी पापण्या करायचा, कारण पापणी नसेल तर डोळाच जातो. नाकासाठी खांद्याची किंवा पोटाची कातडी गुंडाळून नळी करायची, एक टोक तिथेच जोडलेलं, दुसरं नाकाच्या जागी, काही आठवडे सोंडेसारखी लोंबती नळी घेऊन पोरं फिरायची, कुणाकुणाची तर कितीतरी ऑपरेशनं झाली.

पण मला सगळ्यात आवडतं ते पुढचं. वॉर्डात त्याने बिअरचं पिंप ठेवू दिलं, हॉस्पिटलचे कपडे नकोत, युनिफॉर्म घाला म्हणाला, आणि त्यांना गावात पाठवायचा. गावातल्या लोकांना आधीच सांगून ठेवलेलं. लोकांनी घरी जेवायला बोलावलं, नाचायला नेलं, कुणी टक लावून बघत बसलं नाही. 1941 मध्ये पोरांनी गिनी पिग (म्हणजे प्रयोगाचे प्राणी) क्लब काढला, खजिनदार मुद्दाम पाय भाजलेला निवडला म्हणजे पैसे घेऊन पळायला नको, युद्ध संपेपर्यंत 649 मेंबर झाले.

आणि कपाळाची कातडी खाली वळवून नाक करायची पद्धत तर आपल्याकडची, टिपूच्या लोकांनी नाक कापलेल्या कावसजी नावाच्या गाडीवानाचं असं नाक पुण्यात केलं होतं, ती हकिकत 1794 मध्ये लंडनच्या मासिकात छापून आली होती. तुझ्या सरांना विचार, त्यांना नक्की माहीत असेल.

उद्या गेलीस की आधी त्याचं नाव घेऊन हाक मार, मग पट्टी सोड. आणि तो चहा कसा पितो, कपाने की स्ट्रॉने, ते बघून मला सांग.

तुझी आई