शूटिंग संपलं की अर्धंच काम झालं

भावा,

तुझा मेसेज वाचला. ऊसतोड टोळ्यांवर डॉक्युमेंट्री करायची आणि त्यासाठी नोकरी सोडू का म्हणतोयस. नोकरीचं आधी वहिनीला विचार, मी त्यात पडत नाही. पण ते 'आनंद पटवर्धनांसारखं काम करायचंय' असं जे लिहिलंयस ना, त्यावर बोलायचंय, कारण मला वाटतं त्यांचं निम्मं कामच तुझ्या डोळ्यासमोर आहे लेका.

कॅमेरा घेऊन फडात जाणं जमेल तुला. पण तो माणूस पन्नास वर्षं पिक्चर काढतोय आणि तेवढीच वर्षं ते दाखवायला भांडतोय. बिहारच्या आंदोलनावरची पहिली फिल्म १९७५ ची, तेवढ्यात आणीबाणी आली, मग प्रिंटचे तुकडे करून चोरून परदेशात पाठवावे लागले. अणुचाचण्यांवरच्या फिल्मला सेन्सॉरनं कट सांगितले तर हे थेट हायकोर्टात, आणि २००३ ला एकही कट न देता सोडवून आणली! वकील, तारखा, कागदपत्रं, हा सगळा फिल्ममेकिंगचाच भाग आहे आणि तो कुठल्या वर्कशॉपमध्ये शिकवत नाहीत.

आणि वेळ. मुंबईच्या झोपडपट्टीवरच्या १९८५ च्या फिल्ममध्ये शाहीर विलास घोगरे गायलेत. १९९७ ला मुंबईतल्या रमाबाई नगर या दलित वस्तीत पोलिसांचा गोळीबार झाला, दहा माणसं गेली, आणि ते बघून घोगरेंनी स्वतःला संपवलं. तिथून सुरू झालेली 'जय भीम कॉम्रेड' आली २०११ ला. चौदा वर्षं! तू म्हणतोस एका हंगामात उरकू. अरे पहिल्या हंगामात तर टोळी आणणारा मुकादम तुला त्यांच्या कोपीजवळ, म्हणजे झोपडीजवळ, फिरकू देणार नाही, उचल, म्हणजे आगाऊ पैसे, किती घेतली हे कुठला कोयता, म्हणजे तोडणीचं नवरा-बायकोचं जोडपं, तुला कॅमेऱ्यासमोर सांगणार? पट्टा पडल्यावर, म्हणजे हंगाम संपल्यावर, त्यांच्याबरोबर बीडला जा, तिथं बोलतील.

आपल्या कोल्हापुरात हे नवीन नाही म्हणा. बाबूराव पेंटरांनी १९२५ मध्ये 'सावकारी पाश' इथंच काढला, कर्जात जमीन गेलेल्या शेतकऱ्याचा, तोही मूकपट. आणि पानसरे अण्णांवर १६ फेब्रुवारी २०१५ ला सकाळी गोळ्या झाडल्या ते पण याच गावात. दाभोलकर, पानसरे यांच्यावर पटवर्धनांनी 'विवेक' केली, २०१८ ला तिला अ‍ॅमस्टरडॅमच्या महोत्सवात मोठं बक्षीस मिळालं, तरी आपल्या इथल्या मल्टिप्लेक्सला ती लागेल असं वाटत होतं का कुणाला? यूट्यूबवर बघितली लोकांनी. मी पण तिथंच.

म्हणून पैशाचं गणित मांडशील तेव्हा कॅमेऱ्याच्या भाड्याइतकंच प्रोजेक्टर, पडदा, गावोगाव फिरायचं पेट्रोल हे पण धर. फेस्टिव्हलचं नंतर बघू, पहिला शो टोळीला दाखव, त्यांना चुकीचं वाटलं तर परत एडिटला बस. आणि कुणी कारखानदार स्पॉन्सर करतो म्हणाला तर सरळ नाही म्हण, चहा प्यायला मात्र हरकत नाही.

शाहू स्मारकच्या हॉलचं भाडं मी विचारून ठेवतो. तू वहिनीशी बोललास की फोन कर, रात्री नऊनंतर कर, आधी दुकानात गर्दी असते.

तुझाच