आधी आजीचं होऊ दे

प्रिय गाईडताई,

त्या सकाळी ताडोब्यात आम्हाला वाघ दिसला नाही. हे आधीच सांगून टाकते, कारण आभाराचं पत्र म्हटलं की लोकांना वाटतं, गाईडने पाच फुटांवर वाघ दाखवला असणार. आम्हाला साधं शेपूटही दिसलं नाही. तरीही आई घरी येईल त्याला वाघाबद्दल सांगत सुटली आहे.

काचबिंदूने तिची नजर गेली, जंगलाची हौस मात्र गेली नाही. याआधी दुसऱ्या एका जंगलाचं बुकिंग करताना एजंट मला म्हणाला होता, "त्यांना दिसत नाही ना? मग त्यांच्या सीटचे पैसे कशाला वाया घालवताय?" तिथला गाईड असं काही बोलला नाही, पण अख्ख्या सफारीत आईशी चकार शब्दही बोलला नाही. वाघ जवळ असल्याची खूण देणारा जनावराचा ओरडा, म्हणजे कॉल, आला की "पकडून बसा" आणि गाडी सुसाट. वाघ दिसल्यावर सगळे उभे राहिले, कॅमेऱ्यांची खटखट सुरू झाली, आणि मध्ये बसलेली आई विचारत राहिली, "काय करतोय गं तो?" मी सांगायला तोंड उघडलं, तर पुढून कुणीतरी "शूऽऽ" केलं. ते "शू" मला अजून विसरता येत नाही.

तुम्ही गाडीत चढल्या चढल्या पहिला प्रश्न आईला विचारलात, "आजी, ऐकू चांगलं येते ना?" आणि मग सगळं जंगल तिच्या कानावर घातलंत. वानर झाडावर खाकरलं की इंजिन बंद. "चितळ भित्रं असते जी, कशालाही ओरडते. सांबर ओरडलं की मग समजायचं, जवळच आहे." थोड्या वेळाने आईच आम्हाला सांगू लागली, "थांबा, हे चितळच आहे."

पण हे पत्र लिहायला बसवलं ते त्या वाकलेल्या झाडाने. रस्त्यावर झुकलेलं खोड, त्याच्या खालच्या अंगाला ओला काळपट डाग. आमची गाडी पुढे निघून गेली होती. तुम्ही ती मागे घ्यायला लावलीत, मग थोडी पुढे, पुन्हा मागे, आईचं नाक खोडापासून हातभर अंतरावर येईपर्यंत. काय आहे ते सांगितलं नाहीत. नुसतं म्हणालात, "आजी, नाक पुढं करा." आईने श्वास घेतला आणि विचारलं, "इथे भात कुणी लावलाय?"

तेवढ्यात समोरून आलेल्या जिप्सीवाल्याने खबर दिली, पाणवठ्यावर वाघीण बसलीय. आमच्या ड्रायव्हरने गाडी सुरू केलीसुद्धा. तुम्ही त्याला म्हणालात, "बसू दे. आधी आजीचं होऊ दे."

ताई, तुम्हाला कदाचित आठवतही नसेल हे.

(सोबतच्या दोघांनी एका शब्दाने कुरकुर केली नाही. हे पत्र त्यांच्यापर्यंत पोचलं, तर त्यांचेही आभार.)

घरी आल्यावर वाचलं की आईचं नाक अगदी बरोबर होतं. रतनलाल ब्रह्मचारी या शास्त्रज्ञांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९० मध्ये दाखवून दिलं होतं की बासमतीला ज्या द्रव्याने वास येतो, तेच वाघ आपली हद्द सांगायला झाडावर जो फवारा मारतो, त्यात असतं. तो ओला डाग त्याचाच. शेपूट वर करून तो मागे झाडावर मारायचा, त्यात मूत्राबरोबर स्निग्ध अंश असल्यामुळे वास कितीतरी दिवस टिकतो, दुसरा वाघ आला की तो हुंगून, वरचा ओठ मागे ओढून, जीभ बाहेर काढून वेडंवाकडं तोंड करतो, हे सगळं तुम्ही करूनच दाखवलंत. आईला तुमचं तोंड दिसत नाही हे लक्षात आल्यावर तिचा हात घेऊन स्वतःच्या गालावर ठेवलात. ती खळखळून हसली. समोरासमोर येऊन रक्तबंबाळ होण्यापेक्षा वासावर भागवलेलं दोघांनाही बरं, हे तिला फार पटलं. "शहाणी जात आहे," म्हणाली.

परतताना तुम्ही टिपेश्वर अभयारण्यातल्या त्या तरुण नर वाघाची गोष्ट सांगितलीत, जो २०१९ मध्ये शेतं, रस्ते, नाले ओलांडत हजार किलोमीटरच्या वर चालून ज्ञानगंगा अभयारण्यात पोचला. गळ्यात रेडिओ कॉलर होती म्हणून आपल्याला कळलं. कॉलर नसलेले किती जात असतील, कोण जाणे. दीड-दोन वर्षांचे झाले की पोरगे आईपासून सुटतात आणि जागा शोधत लांब जातात, पोरी बहुतेकदा आईच्या शेजारीच बस्तान बसवतात. "आपल्याकडे उलटं," आई म्हणाली, आणि तुम्ही दोघी बराच वेळ वाघ सोडून भलत्याच विषयावर बोलत होतात.

वाघ दाखवणारे गाईड पुष्कळ आहेत, त्यांच्या नजरेला दाद द्यायलाच हवी. पण गाडीत बसलेल्यांपैकी कुणाला काहीच मिळालेलं नाही, हे बघणारी नजर मी क्वचित पाहिली आहे. दवाखान्यात, बँकेत, लग्नाच्या पंगतीत, कुठेही. ती कुठल्या प्रशिक्षणात शिकवत असतील असं वाटत नाही.

आईचा एक प्रश्न राहिला आहे. लांब गेलेला पोरगा कधी फिरून त्याच झाडापाशी आला, तर आईचा वास त्याला ओळखू येत असेल का? पावसाळा संपून कोअर, म्हणजे जंगलाचा आतला भाग, उघडला की आम्ही येणार आहोत, तोवर विचार करून ठेवा. माहीत नसेल तर सरळ तसं सांगा. थापा तिला आवाजावरून लगेच कळतात.

तुमची,
त्या आजींची मुलगी