रस्त्यावर जुळलेल्या फांद्या तोडू नका

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत स्पायडर मंकीचा फोटो छापून आला होता. नुसत्या शेपटीवर लोंबकळणारं, चारही हातपाय मोकळे सोडलेलं ते काळं माकड पाहून नातू माझ्या मागे लागला आणि मीही मिळेल तिथून त्याच्याबद्दल वाचत गेलो. वाचताना आमच्या रस्त्यावरची झाडं काही डोक्यातून जाईनात. रस्त्याच्या कामासाठी तोडायची म्हणून त्या झाडांवर याच महिन्यात पांढऱ्या पेंटने नंबर पडले आहेत, म्हणून हे पत्र लिहितो आहे.

मी निवृत्त लाइनमन. नोकरीची बहुतेक वर्षं गोंदिया जिल्ह्यातल्या जंगलालगतच्या फिडरवर, म्हणजे गावोगावी वीज नेणाऱ्या लाइनवर, गेली. पोल आणि झाडाचा शेंडा साधारण एकाच उंचीवर असतात, त्यामुळे शेंड्यावरच्या जनावरांशी माझी ओळख जुनी आहे.

आधी त्या परदेशी माकडाविषयी. दक्षिण मेक्सिकोपासून खाली बोलिव्हियापर्यंतच्या दाट जंगलांत ते राहतं. त्याच्या सात जाती मानतात. हाताला अंगठा जवळजवळ नाहीच. लांब बोटं वाकवली की आंबे उतरवायच्या आकडीसारखा हात तयार होतो, आणि फांदी धरून झोके घेत जायला अंगठ्याची अडचणच झाली असती. अंगठ्याची उणीव शेपटी भरून काढते. ती धडापेक्षा लांब असते, टोकाशी आतल्या बाजूला केस नसतात आणि त्या उघड्या कातडीवर आपल्या बोटांवर असतात तशा बारीक रेषा असतात. पकड घसरू नये म्हणून. अंगाचा सगळा भार ती एकटी पेलते, तेव्हा हात फळं तोडायला मोकळे राहतात.

खाणं मुख्यतः पिकलेली फळं. पिकलेलं झाड एका जागी सापडत नाही, आज इथे तर उद्या कोसभर लांब. म्हणून वीस-तीस माकडांची टोळी सकाळी लहान लहान तुकड्यांत फुटते आणि पुन्हा कुठेतरी एकत्र येते. फळं कमी असली की तुकड्या आणखी लहान होतात. बिया ती अख्ख्या गिळतात आणि दूर जाऊन विष्ठेतून टाकतात. मोठ्या बियांची कितीतरी झाडं अशाच पोटातून जंगलभर पसरतात. हे सगळं चालतं उंचावर, फांदीला फांदी लागलेली असते म्हणून. जमिनीवर ती क्वचितच उतरतात. मादीला एका वेळी एकच पिल्लू होतं आणि पुढचं व्हायला दोन ते चार वर्षं जातात. मधलं जंगल तुटलं, शिकार झाली, की संख्या लवकर भरून येत नाही. कोलंबिया आणि व्हेनेझुएलातली तपकिरी जात तर नामशेष होण्याच्या अगदी काठावर आहे.

त्यात एक गोष्ट वाचली आणि मी पुस्तक मिटून बसलो. दोन झाडांमधलं अंतर पिल्लाच्या उडीपेक्षा जास्त असलं की आई शेपटीने इकडची फांदी धरते, हातांनी तिकडची धरते आणि अंग ताणून मध्ये थांबते. पिल्लू तिच्या अंगावरून चालत पलीकडे जातं.

आमच्याकडच्या काळतोंड्या वांदराच्या शेपटीला अशी पकड नाही, ती तोल सांभाळण्यापुरती. तो पाला खाणारा, जमिनीवरही बराच वावरणारा. म्हणून लोक म्हणतात, झाड गेलं तर त्याचं काय अडतं, उतरेल आणि रस्ता ओलांडेल. उतरतो खरा. पण रस्ता रुंद झाला, गाड्यांचा वेग वाढला, कुत्री मागे लागली की तो सगळ्यात जवळची उंच वस्तू पकडतो, आणि फांदी नसलेल्या रस्त्यावर ती उंच वस्तू म्हणजे विजेचा पोल नाहीतर डीपी, म्हणजे खांबांवरचा ट्रान्सफॉर्मर.

एका तारेवर बसलेल्या पाखराला काही होत नाही, कारण करंट जायला दुसरी वाट नसते. दोन फेजना, म्हणजे दोन वेगळ्या जिवंत तारांना, एकदम स्पर्श झाला, किंवा एक हात जंपरला (जोडणीच्या उघड्या तारेला) आणि पाय लोखंडी क्रॉस आर्मला (पोलवरच्या आडव्या पट्टीला) लागला, की वाट पूर्ण होते. अकरा केव्हीच्या, म्हणजे अकरा हजार व्होल्टच्या, लाइनवर तारांमधलं अंतर पाखरासाठी पुरतं. नाकापासून शेपटीच्या टोकापर्यंत पाच फूट भरणाऱ्या वांदराला ते पुरत नाही.

एका उन्हाळ्यात दुपारी फोन आला, "लाइन गेली जी, डीपीवर वांदर चिपकला." गेलो. मादी क्रॉस आर्मवर आडवी पडलेली, खांद्याचे केस जळालेले. तिचं काळं पिल्लू खाली कुंपणाचा खांब धरून बसलेलं. टोळी समोरच्या चिंचेवर होती, पण कोणी खाली येईना. लाइनवर काम करायचं परमिट घेतलं, लाइन बंद करून तारा जमिनीला जोडल्या (अर्थिंग केलं) आणि वर चढलो. मी मादीला दोराने खाली सोडत असताना चिंचेवरून दुसरी एक मादी उतरली, पिल्लाला पोटाशी धरलं आणि परत वर गेली. गावाने वर्गणी काढली, मादीवर भगवं कापड घातलं, टाळ-मृदंगात अंत्ययात्रा काढली. गावकऱ्यांची माया खरी आहे, मी पाहिली आहे. तीच माया जिवंत टोळीसाठी ग्रामपंचायतीच्या ठरावात उतरावी एवढंच माझं मागणं आहे.

आमच्या रस्त्यावर नाल्यापासून बस थांब्यापर्यंत जुने आंबे, चिंचा, मोह आणि कहू (अर्जुन) आहेत. तीन-चार ठिकाणी दोन्ही बाजूंच्या फांद्या रस्त्यावर एकमेकींत गुंतल्या आहेत आणि टोळी रोज तिथूनच जाते. नंबर टाकणाऱ्यांनी बुंधे मोजले, वर पाहिलं नाही. बदल्यात रोपं लावू, असं सांगितलं जातं. लावलेल्या रोपाच्या फांद्या रस्त्यावर जुळायला एक पिढी जाते, आणि तोवर वांदरं घरांच्या कवेलूंवरून, परसातून, तुरीच्या शेतातून जातात. कवेलू फुटतात, शेंगा ओरबाडल्या जातात आणि शेतकरी वांदरांवर चिडतो. शेतकऱ्याचा राग मला समजतो, माझ्याही घरावरचे कवेलू फुटले आहेत.

उपाय नवे नाहीत. पेंचमधून जाणाऱ्या राष्ट्रीय महामार्ग ४४ वर जनावरांसाठी खालून वाटा ठेवल्या आहेत, त्यातली सर्वांत लांब साडेसातशे मीटरची. तिथून वाघ जातात, चितळ जातात. झाडांवरून जाणाऱ्यांचाही असाच विचार तमिळनाडूत वालपाराईला झाला: सिंहपुच्छ वानरांसाठी रस्त्याच्या वर, या झाडापासून त्या झाडापर्यंत अग्निशमनाच्या जुन्या पाइपांचे पूल ताणले आणि वानरं ते वापरतात. कोस्टा रिकात हाऊलर माकडं तारांवर मरू लागली तेव्हा दोरांचे पूल बांधले गेले, तारांवर आणि ट्रान्सफॉर्मरवर आवरणं चढवली गेली.

आपल्या पत्रामार्फत वनविभाग, बांधकाम विभाग आणि वीज खात्याला माझी विनंती आहे. झाडं तोडण्याआधी कोणीतरी सकाळी सहा ते आठ रस्त्यावर उभं राहून टोळी कुठून ओलांडते ते पाहावं. तिथली समोरासमोरची झाडं राखून रस्ता हात-दोन हात वळवता येतो का ते बघावं. जिथे जमणारच नाही तिथे झाड पाडण्याआधी पूल बांधावा, नंतर नाही. जंगलाला लागून असलेल्या डीपींवर जंपरला आणि बुशिंगला (ट्रान्सफॉर्मरवर तार जोडतात त्या चिनी मातीच्या टोकाला) कव्हर घालावं, गावातली घरोघर जाणारी लघुदाब लाइन एबी केबलची, म्हणजे आवरण असलेल्या एकत्र पिळलेल्या तारांची, करावी. पावसाळ्याआधीची फांद्यांची छाटणी झालीच पाहिजे, तारेला लागणारी फांदी मीही ठेवणार नाही. पण जिथे वरून तारच जात नाही तिथली फांदी सरसकट कापली जाते, ती थांबवावी.

झाडांचा लिलाव अजून झालेला नाही. पाहणीला कोणी येणार असेल तर ओलांडायच्या जागा दाखवायला मी सोबत येईन, आणि पूल बांधायचा ठरला तर दोर ताणायला, गाठी मारायला आमच्या गावातली जुनी लाइनवरची माणसं तयार आहेत.

आपला नम्र,
एक निवृत्त लाइनमन
ता. सडक अर्जुनी, जि. गोंदिया