मिरजेहून पत्र

ती. आई-बाबा,
शिरसाष्टांग नमस्कार.

बाबा, कारखाना सोडून मी इथे मिरजेत उस्तादांकडे सतार-तंबोरे बनवायला शिकतोय, त्यावर परवा फोनवर तुम्ही विचारलंत, "आपल्या घरात हे कधी कुणी केलंय का?" कुणी नाही केलं. पण इथल्या फरीदसाहेबांच्या घरात तरी सतार कुठे होत होती? ते शिकलगार, हत्यारांना धार लावणारे. १९व्या शतकात हत्यारांची मागणी आटली, तसे ते तंतुवाद्यांकडे वळले. त्यांच्यापासून चालत आलेल्या मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला २०२४ मध्ये जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन मिळालं.

सध्या उस्ताद मला जवारीला, म्हणजे तारेचा नाद खुलवायच्या कामाला बसवतात. तारा जिच्यावर टेकतात त्या घोडीचा माथा कानशीनं असा उतरता करायचा, की तार त्याला जेमतेम शिवत राहील. मग तारेखाली सुती दोरा सरकवत जागा शोधायची. सापडली की तीच तार भरून बोलू लागते, एका स्वरातून दुसरे स्वर ऐकू येतात. जरा जास्त घासलं गेलं की आवाज फाटतो. इथे मोजपट्टी चालत नाही, कान लागतो. उस्ताद पलीकडे खुंटी तासत असतात, मान वर न करता म्हणतात, "खर्ज अजून बंद आहे." खर्ज म्हणजे सगळ्यात खालच्या स्वराची तार. तो बंदच असतो.

मागच्या आठवड्यात एक गायिका काळी चार या त्यांच्या पट्टीचा तंबोरा घेऊन आल्या. उस्तादांनी तो थेट माझ्यापुढे ठेवला. अख्खी दुपार गेली. संध्याकाळी बाईंनी तारा छेडल्या, षड्ज लावला आणि दुकानातच गायला बसल्या. उस्तादांनी घोडीला हातही लावला नाही. बाबा, पिंपरीच्या कारखान्यात मी रोज सुटे भाग काढायचो. त्यातला एकही कुठल्या गाडीत बसला, ते मला कधी कळलं नाही. इथे माझं काम माझ्यासमोर गातं. म्हणून मी परत येणार नाही.

मिळकत कमी आहे, हे खरं. तुम्हाला दरमहा पाठवतो ती रक्कम कमी होणार नाही, माझा इथला खर्च फार नाही.

आई, उरुसाला ये. मीरासाहेबांच्या दर्ग्यात थोर गायक अब्दुल करीम खाँसाहेबांची कबर आहे, त्यांच्या स्मरणार्थ तिथे रात्र रात्र गाणं चालतं. तुझ्या गुडघ्यांना जिना नको म्हणून तळमजल्यावरची खोली बोलून ठेवली आहे. बाबांनाही घेऊन ये. त्यांनी उस्तादांशेजारी दिवसभर बसावं आणि काय विचारायचं ते त्यांनाच विचारावं.

तुमचा,
धाकटा