रंग जिथे संपतो ती कड

वेंगुर्ले

प्रिय मित्रा,
सप्रेम नमस्कार.

दशावतारी राजाच्या वेषात स्वतःचं चित्र करणार आहेस, हे वाचून फार आनंद झाला. पण किरीट चढवण्याआधी ठरव, वेष कशासाठी? कलावंत पुष्पमाला एन. आणि छायाचित्रकार क्लेअर आर्नी यांच्या ‘नेटिव्ह विमेन ऑफ साउथ इंडिया’ (२०००–२००४) या छायाचित्रमालिकेत पुष्पमाला स्वतःच रविवर्म्याची लक्ष्मी होते, आणि इंग्रज अंमलात माणसांची मापं घ्यायला लावत त्या चौकड्यांच्या पडद्यापुढची बाईही तीच. बाईला असं कोणी उभं केलं, हा प्रश्न तिथे वेषातूनच उठतो. अमृता शेरगिलने १९३४ साली स्वतःला ताहितीची स्त्री म्हणून रंगवलं, तेव्हा मागे एका पुरुषाची सावली ठेवली. ती नसती तर ताहितीच्या स्त्रिया रंगवणाऱ्या फ्रेंच चित्रकार गोगँची आठवण तेवढी उरली असती. तुझ्या चित्रातही तशी एक खूण हवी. दशावतारी कलावंत आपला रंग आपणच लावतो. जबड्याखाली तो रंग जिथे संपतो आणि मान सुरू होते, ती कड मुळीच झाकू नकोस. मला तर सगळं चित्र तिथेच दिसतं.

फोनवरच्या सेल्फीवरून चित्र काढू नकोस. हाताच्या अंतरावरून नाक फुगतं, कान मागे जातात. फोटो हवाच असेल तर फोन दीड-दोन मीटरवर स्टँडला लाव आणि टायमर वापर. आरसा मात्र मोठा घे. त्यावर एक डोळा मिटून साबणाच्या वडीने चेहऱ्याची कड आखलीस, तर ती खऱ्या चेहऱ्याच्या निम्मी भरते, कितीही मागे सरकलास तरी. म्हणून खऱ्या मापाच्या चित्रासाठी काचेवरचं माप दुप्पट कर. राजाची तलवार आरशात डाव्या हातात जाईल. ती तशीच ठेवायची की फिरवायची, हे रेखाटनातच ठरव, नंतर खांदे जुळत नाहीत. डोळे एकेक करून रंगवलेस तर दोन्ही टक लावून बसतात. नाकाच्या मुळाशी नजर ठेवून दोन्ही एकत्र आख.

उजेडासाठी पडवीत उत्तरेकडे तोंड करून बस. खळ्यातल्या तांबड्या मातीचा उजेड हनुवटीखाली चढतो, तर कपाळावर आभाळाचा निळसरपणा येतो. स्टुडिओतले चित्रकार हा तांबूसपणा काढून टाकतात. तू ठेव, तो आपल्या भागाचा आहे. त्वचेसाठी तयार गुलाबी ट्यूब आणू नकोस, आपली कातडी त्यात राखट दिसते. बर्न्ट सिएना, यलो ऑकर आणि चिमूटभर अल्ट्रामरीन यांतून सावळा रंग बांध. पांढरा अगदी शेवटी, कमीत कमी; चकाकी पांढऱ्याने नव्हे, निळसर करड्याने दाखव. वेषाचा सपाट रंग आणि ही कातडी शेजारी आली की फरक आपोआप बोलेल.

तैलरंग वापरणार असशील तर पाऊस सरल्यावरच सुरू कर. दमट हवेत थर लवकर सुकत नाही, आणि खालचा ओला असताना वर पातळ, लवकर सुकणारा थर दिलास तर पुढे तडे जातात. पावसात कॅनव्हास सैल पडला म्हणून तो ताणायला चौकटीच्या कोपऱ्यांतल्या पाचरी ठोकू नकोस. कोरड्या हवेत तो आवळतो आणि रंग फुटतो. जांभ्याच्या भिंतीला टेकवूनही ठेवू नकोस, मागे चार बोटं मोकळी सोड, नाहीतर बुरशी धरेल.

कोळशाचं रेखाटन झालं की फोटो पाठव, मानेपर्यंतचा. घरी सर्वांना नमस्कार.

तुझाच