आई-अण्णा, मी सांगून टाकलं

आई, अण्णा,

फोनवर हा विषय काढला की अण्णा लगेच पाऊस-पाणी विचारतात, म्हणून व्हॉट्सअ‍ॅपवर लिहितेय. आईला वाचून दाखवा, मधलं काही गाळू नका.

मी ऑफिसात सांगितलं, आम्ही फासेपारधी. आडनाव भोसले म्हटलं की कोल्हापुरात पुढं कोण काय विचारतच नाही, उलट मान मिळतो, आणि तुम्हीच शिकवलेलं ना, जातीचं सर्टिफिकेट फक्त अ‍ॅडमिशनला काढायचं. राग नाही हां. गावात कुणाची शेळी हरवली तरी पोलीस आधी कुणाच्या दारात यायचे ते मी पण बघितलंय.

पण इथं २६ जूनला शाहू जयंतीच्या भाषणात ऐकलं की महाराजांनी फासेपारध्यांना पहारेकरी म्हणून नोकरीला ठेवलेलं. इंग्रज १८७१ पासून कायदा करून अख्ख्या जमातीच गुन्हेगार ठरवत सुटलेले आणि हा राजा त्यांच्याच हातात राखण देतोय! शाळेत शाहू महाराज पाठ केले, हे एवढं कुणी सांगितलं नाही. आजी सोलापूरच्या सेटलमेंटमध्ये, म्हणजे असल्या जमातींना डांबून ठेवायचे त्या वस्तीत, तारेच्या कुंपणात जन्मली हे पण मला आत्यानं सांगितलं, तुम्ही नाही. तो कायदा देशभर रद्द झाला ३१ ऑगस्ट १९५२ ला, आपल्या घरात अजून झाला नाही वाटतं.

ऑफिसातल्या एका गुजराती मुलीला आजीच्या दोन शिव्या म्हणून दाखवल्या, आपली भाषा गुजरातीच्या जवळची ना, तिला अर्ध्या कळल्या, पोट धरून हसली. आई, तू आणि आत्या आम्ही आलो की मराठीवर येता, आता फोनवर माझ्याशी आपल्याच भाषेत बोल, चुकले तर चुकले.

अण्णा, घोड्याच्या केसांचा फास कसा वळायचे, तितराचा आवाज काढून त्याला जवळ कसं बोलवायचे ते मोबाईलवर रेकॉर्ड करायचंय. शिकारीचं नाव काढत नाही, १९७२ च्या कायद्यानं ती बंदच आहे. आणि सगळंच परत पाहिजे असं पण नाही, जातपंचायत आणि खरं-खोटं ठरवायला ते उकळत्या तेलात हात घालायचं तिकडंच राहू दे.

दिवाळीला येतेय. देवाचं गाठोडं माळ्यावरनं काढून ठेवा. ती गुजराती मुलगी पण येते म्हणतेय, आणू का ते आईला विचारून कळवा.

तुमची,
ताई